पुराव्याचे ओझे कोणाच्या डोक्यावर?

१८५६ सालच्या जून महिन्यात धारवाडच्या सरकारी शाळेत एका महार मुलाने प्रवेश मागितला. धारवाड तेव्हा मुंबई इलाख्यात होते. शाळेने त्याला दारातूनच परत पाठवले. मुलाने मुंबई सरकारकडे दाद मागितली. सरकारने त्यावर जो निर्णय दिला तो आजच्या प्रत्येक तरुण कार्यकर्त्याने समजून घ्यावा असा आहे. सरकारने कबूल केले की तत्त्वाचा विचार केला तर न्याय या मुलाच्या बाजूने आहे. पण शतकानुशतकांचा पूर्वग्रह एका हुकुमाने जाणार नाही, आणि या एकट्याला बसवले तर बाकीची मुले निघून जातील आणि शाळाच निकामी होईल. म्हणून सरकार हस्तक्षेप करू शकत नाही.

बाबासाहेबांनी १९२८ साली सायमन कमिशनपुढे बहिष्कृत हितकारिणी सभेतर्फे अस्पृश्यांच्या शिक्षणाबद्दल जे निवेदन सादर केले, त्यात हे प्रकरण नोंदवले आहे. कलकत्त्याच्या सरकारने जानेवारी १८५७ मध्ये मुंबईकरांना कळवले की बंगालमध्ये असे झाले नसते. पुढे विलायतेहूनही सरकारी शाळा सर्वांना खुल्या असल्याचे तत्त्व मान्य झाले. तत्त्व मान्य होतच राहिले. तो मुलगा मात्र त्या कागदांतून नाहीसा झाला. त्याचे नावही त्यात नाही.

मित्रांनो, या फायलीत काय घडले ते नीट बघा. दोष कोणाचा होता? मुलाशेजारी बसायला नकार देणाऱ्यांचा. पण कागद पूर्ण होईपर्यंत दोष फिरला आणि मुलाच्या अंगावर येऊन बसला. 'तुझ्यामुळे शाळा बंद पडेल.' न्याय तुझा, पण अडचणही तूच! कोणी शिवी दिली नाही, कोणी हात उगारला नाही. उलट सहानुभूतीच दाखवली. आणि तरीही त्या पोराला घरी जाताना काय वाटले असेल? आपण उगाच गेलो, आपण जास्त मागितले, हेच ना?

सरकारी कार्यालयाच्या खिडकीपुढे आपल्या माणसाच्या मनात येणारा जो अपराधभाव आहे, त्याचा इतिहास आम्ही इथून मोजतो. तहसीलच्या पायऱ्या चढताना आवाज का खाली येतो, 'साहेब, जरा बघा ना' असे अजीजीने का बोलले जाते, कागद परत आला की 'आमचंच काहीतरी चुकलं असेल' असे आधी का वाटते? काही लोक याला न्यूनगंड म्हणतात आणि व्यक्तिमत्त्व विकासाची शिबिरे घेतात. शिबिरे घ्या, आमची हरकत नाही. पण हा स्वभावाचा प्रश्न नाही. पुरावा कोणी द्यायचा हे ज्याने ठरवले, त्याने लाज कोणाला वाटायची हेही ठरवून टाकले आहे.

ज्याच्या शब्दावर शिवार ठरत होते

पुराव्यावरून आठवले. गावगाड्यात महाराची कामे काय होती? गावची वेस राखायची, सरकारी वसुली तालुक्याला पोचवायची, टपाल न्यायचे, मयताची खबर परगावी सांगायची, आलेल्या अधिकाऱ्याच्या घोड्यापुढे धावायचे. यातले एक काम मात्र वेगळे होते. दोन शेतांच्या बांधाचा किंवा दोन गावांच्या शिवेचा वाद उभा राहिला की महाराला बोलावत. शीव कुठून जाते हे तो सांगायचा आणि त्याच्या सांगण्याला वजन होते. ज्याची सावली चालत नव्हती त्याची साक्ष चालत होती.

पाटलाची जमीन कुठे संपते ते महाराच्या शब्दावर ठरवणाऱ्या या महाराष्ट्रात आज महाराचा नातू 'मी महार आहे' असे म्हणतो, आणि व्यवस्था त्याला म्हणते, पुरावा आण.

हा प्रवास कसा झाला? एक तर, महार ज्या सरकारचा कागद वाहत होता तो कागद लिहिणारा तो कधीच नव्हता. दप्तर कुलकर्ण्याचे, डोके महाराचे. १८७४ च्या वतन कायद्याने ही बिनपगारी चाकरी सरकारी कायद्यात बांधून टाकली. मोबदला म्हणून तुटपुंजी जमीन आणि गावाकडून बलुते, ते सुद्धा गावाच्या मर्जीवर. दिवस-रात्र कधीही हाक आली की जायचे, घरचा कर्ता पुरुष नसेल तर घरातल्या दुसऱ्या कोणीतरी जायचे. बाबासाहेबांनी १९ मार्च १९२८ रोजी मुंबई कायदेमंडळात या कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले. महार कोणाचा नोकर आहे, सरकारचा की रयतेचा, आणि सरकारचा असेल तर पगार सरकारी तिजोरीतून का नाही, हा त्यांचा रोखठोक सवाल होता. ते विधेयक शेवटी मागे घ्यावे लागले. कनिष्ठ वतने रद्द करणारा कायदा यायला १९५८ उजाडले, तेव्हा बाबासाहेब हयात नव्हते. आणि वतन गेले तरी त्या जमिनी '६ ब' म्हणून सातबाऱ्यावर नव्या शर्तीने अडकल्या. विकायच्या तर कलेक्टरची परवानगी, नजराणा, पुन्हा अर्ज. हा स्वतंत्र लेखाचा विषय आहे, इथे एवढेच.

अर्जांचा काळ

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस आपल्या माणसांनी सरकारशी बोलायला सुरुवात केली ती अर्जांतून. सैन्यात महारांची भरती बंद झाली तेव्हा महाडजवळच्या रावढूळचे निवृत्त सैनिक गोपाळबाबा वलंगकर यांनी १८९४ मध्ये विनंतीअर्ज तयार केला. त्यांच्या संस्थेचे नाव होते अनार्य दोष-परिहार मंडळी. या नावावर थोडे थांबावेसे वाटते. ज्यांनी माणसाला माणूस मानले नाही त्यांच्या नावात 'दोष' नाही, आणि ज्यांना मानले नाही त्यांना मात्र संस्थेच्या नावातच दोष दूर करायचा आहे. वलंगकरांना कमी लेखण्यासाठी आम्ही हे म्हणत नाही. त्या काळात एवढे बोलणे म्हणजे छाती लागत होती. पण अर्जात त्यांना काय सिद्ध करावे लागले? की आम्ही मूळचे क्षत्रिय, दुष्काळात पोटासाठी नको ते खाल्ले म्हणून खाली ढकलले गेलो. बंदूक चालवायची पात्रता पलटणीतल्या नोकरीने सिद्ध झालेली असताना पूर्वजांचा दाखला द्यावा लागत होता! १९१० मध्ये शिवराम जानबा कांबळे यांच्या पुढाकाराने दख्खनच्या महारांनी थेट भारतमंत्र्यांकडे अर्ज पाठवला, त्याचा सूर जरा ताठ झालेला आहे. तरी अर्ज तो अर्जच.

आता खिडकीच्या आतली बाजू बघू. 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या आठवणींत बाबासाहेबांनी बडोद्याचा प्रसंग लिहिला आहे तो आपल्याला पाठ आहे. आपल्याला आठवतो तो काठ्या घेऊन आलेला पारशांचा जमाव. आम्हाला त्यातले रजिस्टर आठवते. पारशी धर्मशाळेत राहायचे तर वहीत पारशी नाव लिहावे लागेल, असे ठरले. कोलंबिया विद्यापीठात शिकून आलेल्या, बडोदा सरकारच्या सेवेत रुजू झालेल्या माणसाला छपरासाठी वहीत खोटे नाव घालावे लागले. अकराव्या दिवशी जमाव आला तो त्याला 'गुन्हेगार' ठरवूनच आला. खोटेपणा कोणाचा? खऱ्या नावाला खोली न देणाऱ्या शहराचा. पण वहीत खोटे नाव कोणाचे सापडले? बाबासाहेबांचे. कागद नेहमी अशीच साक्ष देतो.

त्याच आठवणींत दुसऱ्याचा एक अनुभव त्यांनी नोंदवला आहे, त्याच्याकडे आपले दुर्लक्ष झाले आहे. गुजरातमधला, त्या काळी 'भंगी' म्हणून हिणवल्या जाणाऱ्या समाजातला एक तरुण परीक्षा पास होऊन १९३६ साली बोरसद तालुक्यात तलाठी म्हणून नेमला गेला. हुकूम घेऊन मामलेदार कचेरीत गेला. कारकुनाने विचारले, तू कोण? 'हरिजन' हे उत्तर ऐकल्यावर कारकून ओरडला, लांब उभा राहा. मग त्याने तरुणाला त्याचे प्रमाणपत्र आणि नेमणुकीचा हुकूम जमिनीवर टाकायला लावला आणि तिथून स्वतः उचलला. कचेरीत पिण्याच्या पाण्यासाठी वेगळा गंजका डबा. पुढे सरकारी कामावर एका गावात गेला तर तिथे जमाव अंगावर आला. शेवटी तो नोकरी सोडून मुंबईला आला. १९३८ मध्ये दादरच्या कासारवाडीतल्या एका सभेत त्याने हे सांगितले.

प्रमाणपत्र जमिनीवर टाकायला लावणारा तो कारकून निदान दिसत तरी होता. त्याला चेहरा होता, त्याच्यावर राग काढता येत होता, त्याच्याबद्दल सभेत बोलता येत होते. आज कागद कोणी जमिनीवर टाकायला लावत नाही. आज ऑनलाइन अर्ज भरायचा. मग मेसेज येतो: त्रुटी. कोणाची त्रुटी? तुमच्या अर्जात त्रुटी. कोणी काढली? सिस्टीमने. साहेब कुठे आहेत? मीटिंगमध्ये. फाइल कुठे आहे? टेबलावर. कोणाच्या टेबलावर? उद्या या. समोर शत्रूच नसेल तर राग जाणार कुठे? तो आत वळतो आणि अपराधभाव होतो. बाप म्हणतो, मीच वेळेवर कागद जमवले नाहीत. मुलगी म्हणते, माझ्यामुळे बाबांची मजुरी बुडतेय.

चवदार तळ्याच्या दाव्यात काय झाले

२० मार्च १९२७ ला महाडला अर्ज केला गेला नाही, पाणी प्यायले गेले. याचे महत्त्व आपण जाणतो. त्यानंतरच्या दहा वर्षांच्या कज्ज्याबद्दल मात्र आपल्या सभांत क्वचितच बोलले जाते, आणि पुराव्याच्या प्रश्नाचे उत्तर त्याच कज्ज्यात आहे.

डिसेंबर १९२७ मध्ये दुसऱ्या सत्याग्रहाच्या तोंडावर स्पृश्यांनी महाडच्या कोर्टात दावा लावला आणि तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. त्यांचे म्हणणे होते की तळे खाजगी आहे आणि अस्पृश्यांनी ते वापरायचे नाही ही अनादि काळापासूनची वहिवाट आहे. आता इथे फिर्यादी कोण? ते. म्हणजे सिद्ध कोणी करायचे? त्यांनी! बाबासाहेब बॅरिस्टर होते, त्यांना हे पक्के ठाऊक होते. आम्ही माणूस आहोत हे आम्ही सिद्ध करणार नाही. आम्हाला पाणी पिऊ न देण्याचा तुमचा हक्क तुम्ही सिद्ध करा. खालच्या कोर्टात हरल्यावर ते अपिलात गेले, तिथे हरून हायकोर्टात गेले. १७ मार्च १९३७ रोजी मुंबई हायकोर्टाने निकाल दिला की अशी अनादि वहिवाट वादींना शाबीत करता आलेली नाही. 'शतकानुशतकांचा पूर्वग्रह' म्हणून धारवाडला जे नुसते गृहीत धरले गेले होते, त्याचा पुरावा महाडच्या खटल्यात मागितला गेला आणि तो निघाला नाही.

धारवाड आणि महाड यांच्यात ऐंशी वर्षांचे अंतर आहे. पण आमच्या मते फरक एवढाच आहे की पुराव्याचे ओझे एका डोक्यावरून काढून दुसऱ्या डोक्यावर ठेवले गेले.

कागदावर महार, घरात बौद्ध

१० ऑगस्ट १९५० रोजी राष्ट्रपतींचा अनुसूचित जातींचा आदेश निघाला. त्यातल्या तिसऱ्या परिच्छेदात अट होती की हिंदू नसलेल्याला अनुसूचित जातीचा मानता येणार नाही. १९५६ मध्ये शीख आत घेतले गेले. आणि त्याच वर्षी १४ ऑक्टोबरला नागपूरच्या दीक्षाभूमीवर लाखोंनी धम्म स्वीकारला. म्हणजे ज्या दिवशी आपण माणूस झालो त्याच दिवशी केंद्र सरकारच्या कागदावर आपण अनुसूचित जातीचे राहिलो नाही. १९६१ च्या जनगणनेत महाराष्ट्रात सुमारे २८ लाख लोकांनी बौद्ध म्हणून नोंद केली. सवलती जाणार हे माहीत असून केली, हे लक्षात ठेवा. महाराष्ट्र राज्य झाल्यावर नवबौद्धांना राज्यापुरत्या सवलती मिळाल्या, पण केंद्राच्या नोकऱ्या आणि राखीव मतदारसंघ यांची दारे बंदच राहिली. ती उघडायला १९९० साल यावे लागले. चौतीस वर्षे! दोन पिढ्यांची उमेदीची वर्षे.

या काळात एक विचित्र खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला: पंजाबराव विरुद्ध डी. पी. मेश्राम. १९६२ च्या विधानसभा निवडणुकीत नागपूरच्या राखीव जागेवरून मेश्राम निवडून आले. हरलेल्या उमेदवाराने हरकत घेतली की हे बौद्ध झालेले आहेत. मग कोर्टात साक्षीपुरावे झाले, कशावर? एका माणसाने धम्म जाहीरपणे स्वीकारला होता की नाही यावर. न्यायालयाने म्हटले की धर्म जाहीरपणे मानणे हीच कसोटी आहे आणि हे हिंदू राहिलेले नाहीत. निवडून येऊनही जागा गेली. बाबासाहेबांच्या वाटेने गेल्याचा पुरावा म्हणजे अपात्रतेचा पुरावा.

ज्यांच्याकडे निवडणुकीचा प्रश्न नव्हता त्या हजारो साध्या माणसांनी काय केले? रेल्वेत, पोस्टात, गोदीत नोकरी हवी तर फॉर्मवर 'हिंदू महार' लिहिले. घरात बुद्धाची तसबीर, कपाटात तो दाखला. आपल्या चळवळीतल्या काहींनी या माणसांना गद्दार म्हटले, आजही म्हणतात. आम्हाला हे मान्य नाही. आपल्याकडच्या कित्येक निवृत्त माणसांना आजही त्या रकान्याबद्दल विचारले की ती नजर खाली घालतात. अरे, नजर खाली कोणी घालायला हवी? ज्या माणसाने चार पोरांना शिकवण्यासाठी एक रकाना भरला त्याने, की तिसरा परिच्छेद लिहिणाऱ्याने आणि तो चौतीस वर्षे तसाच ठेवणाऱ्या सरकारांनी? धर्मांतरित ख्रिस्ती आणि मुस्लिम दलितांसाठी तो परिच्छेद आजही तसाच आहे. म्हणजे ती खाली गेलेली नजर आता दुसऱ्या घरांत आहे.

कलम आठ

आता आजच्या कायद्याकडे येऊ. जात पडताळणी का आली हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे, कारण विरोधक तेच तोंडावर फेकतात. बोगस दाखल्यांवर राखीव जागा, विशेषतः आदिवासींच्या जागा, मोठ्या प्रमाणावर लुटल्या गेल्या. त्याविरुद्ध आवाज आदिवासी आणि आंबेडकरी चळवळीनेच उठवला. २ सप्टेंबर १९९४ च्या कुमारी माधुरी पाटील निकालात सर्वोच्च न्यायालयाने पडताळणी समित्यांची पद्धत घालून दिली. तो खटला महाराष्ट्रातला, महादेव कोळी असल्याच्या खोट्या दाव्याचा. त्यानंतर महाराष्ट्राचा २००० चा कायदा आला, २००१ पासून लागू झाला. कुलूप आपणच मागितले होते. ते नेमके आपल्याच दारावर बसेल हे तेव्हा कोणी बोलले नाही.

या कायद्याचे कलम ८ वाचा. जात सिद्ध करण्याची जबाबदारी अर्जदारावर. दाखला खोटा ठरला तर कलम १० नुसार नोकरी, प्रवेश, पदवीसुद्धा जाते, आणि कलम ११ नुसार सहा महिन्यांपासून दोन वर्षांपर्यंत सक्तमजुरी. खोट्या माणसाला ही शिक्षा व्हावी, आमचे काही म्हणणे नाही. पण खरा दाखला दोन वर्षे अडवून ठेवणाऱ्याला काय? लोकसेवा हक्क कायदा २०१५ मध्ये आला, त्यात विलंबासाठी दंड आहे पाचशे ते पाच हजार रुपये. एका बाजूला तुरुंग, दुसऱ्या बाजूला एका दिवसाच्या हॉटेलचे बिल.

पुरावा कोणता मागतात? अनुसूचित जातीसाठी १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा. भटक्या विमुक्तांसाठी २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वीचा. आजोबांचा शाळा सोडल्याचा दाखला, जुनी महसुली नोंद, गाव नमुना १४ म्हणजे कोतवाल बुकाची नक्कल, आणि वंशावळीचे शपथपत्र. आता विचार करा. ज्याला धारवाडला आत घेतले नाही त्याच्या नातवाकडे शाळेचा दाखला मागायचा! ज्याच्या नावावर जमीन नव्हती त्याच्याकडे सातबारा मागायचा. आणि पारधी, वडार, कैकाडी, ज्यांचा मुक्काम पालावर आणि ज्यांची सरकारी नोंद फार तर गुन्हेगार जमाती कायद्याखालच्या हजेरीची, त्यांच्याकडे १९६१ पूर्वीचा रहिवास मागायचा. आपण ७ नोव्हेंबर १९०० ची साताऱ्याच्या शाळेतली भिवा रामजी आंबेडकर ही नोंद विद्यार्थी दिवस म्हणून साजरी करतो. साजरी करतो कारण अशी नोंद दुर्मीळ होती. जे दुर्मीळ होते तेच प्रत्येकाकडून सक्तीने मागितले जाते.

कोतवाल बुक तर आणखी पुढची गोष्ट. वतन गेल्यावर गावातली तीच कामे कोतवालाकडे आली, आणि अनेक गावांत कोतवाल महारच होता. ते बुक आज तहसीलच्या रेकॉर्ड रूममध्ये आहे, म्हणजे शासनाच्या ताब्यात. समिती शासनाची, दप्तर शासनाचे. एका शासकीय खोलीतला कागद दुसऱ्या शासकीय खोलीत नेण्यासाठी रोजंदारीवरचा बाप पन्नास खेपा घालतो, पान फाटलेले असेल किंवा वाळवीने खाल्लेले असेल तर त्याला सांगतात, तुमचा पुरावा अपुरा. वाळवी कोणाच्या खोलीत लागली? समितीचे समाधान झाले नाही तर दक्षता पथक घरी चौकशीला येते, त्यात पोलीस असतात. शेजारी विचारतात, काय केलं पोरानं?

मुलींचे हाल वेगळेच. जात वडिलांकडून धरली जाते. नवऱ्याने टाकलेल्या बाईने, एकटीने पोर वाढवणाऱ्या आईने त्या माणसाच्या गावचा कागद कुठून आणायचा? २०१२ च्या रमेशभाई नायका निकालात सर्वोच्च न्यायालयाने आंतरजातीय विवाहातील अपत्याबाबत सांगितले आहे की वडिलांचीच जात हा अटळ नियम नाही, मूल कोणत्या समाजात वाढले ते बघा. निकाल आहे. खिडकीवर तो दाखवला की समोरचा म्हणतो, आम्हाला तसे परिपत्रक नाही.

वडिलांना वैधता मिळालेली असेल तर मुलाला पुन्हा सगळे का? मुंबई हायकोर्टाने २०१० च्या अपूर्वा निचळे प्रकरणात स्पष्ट केले आहे की रक्तनात्यातील वैधता फसवणुकीने मिळालेली नसेल तर समितीने त्याच पुराव्यावर वेगळा निष्कर्ष काढू नये. तरी प्रत्येक पिढीने शून्यापासून सुरू करायचे. पाटलाच्या पोराने दर पिढीला पाटीलकी सिद्ध केल्याचे कोणी पाहिले आहे का?

आणि खोट्यांचे काय झाले तेही सांगतो. ६ जुलै २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने एफसीआय विरुद्ध जगदीश बहिरा प्रकरणात निर्वाळा दिला की जातीचा दावा खोटा ठरला तर लाभ काढून घेतलाच पाहिजे. महाराष्ट्र शासनाने काय केले? २१ डिसेंबर २०१९ च्या शासन निर्णयाने, जमातीचे दावे अवैध ठरलेल्या कर्मचाऱ्यांना अधिसंख्य पदांवर अकरा-अकरा महिन्यांसाठी ठेवून घेतले. माणुसकी म्हणून केले असेल. मग वैधता वेळेत न आल्याने राखीव जागेवरचा प्रवेश गमावणाऱ्या खऱ्या मुलासाठी अधिसंख्य जागा का निघत नाही? शासनाची यंत्रणा हतबल असते, नियमांत अडकलेली असते, हे आम्हाला सांगू नका. तिला हवे तेव्हा ती एका रात्रीत वाट काढते.

म्हणून आमचे म्हणणे असे आहे की कलम ८ वर बोलले पाहिजे. ज्याच्या वडिलांकडील रक्तनात्यात एकही वैधता आहे, किंवा ज्याच्या गावची नोंद शासनाच्याच ताब्यात आहे, त्याच्या बाबतीत पुराव्याची जबाबदारी समितीवर असावी. दावा खोटा आहे असे समितीला वाटत असेल तर तिने ते शाबीत करावे, महाडच्या वादींना करावे लागले तसे. ज्या तालुक्याचे कोतवाल बुक नष्ट झाले आहे तिथे तहसीलदाराने तसे लेखी द्यावे, आणि ते अर्जदाराच्या विरोधात धरले जाऊ नये.

हे होईल तेव्हा होईल. तोवर शाखाशाखांतून करण्यासारखे काम आहे. आपल्या तालुक्यात कोणत्या गावाचे कोतवाल बुक कोणत्या सालापासून शिल्लक आहे याची यादी माहिती अधिकारात मागवा आणि विहारात लावा. कोणत्या कुटुंबाला वैधता मिळाली आहे त्याची नोंद ठेवा, म्हणजे त्यांच्या चुलत्यापुतण्यांना तिचा आधार घेता येईल. खिडकीवर एकट्या पोराला किंवा एकट्या आईला पाठवू नका, दोघे-तिघे सोबत जा. तोंडी 'त्रुटी' ऐकून परत येऊ नका, कोणत्या नियमाखाली त्रुटी आहे ते सही-शिक्क्यासह लेखी मागा. अर्ज स्वीकारत नसतील तर आवक-जावक विभागात द्या आणि पोच घ्या. बारावीचा निकाल लागल्यावर धावाधाव करण्यात अर्थ नाही. अकरावीत गेलेल्या मुलामुलींची यादी प्रत्येक वस्तीने जूनमध्येच करावी.